गाडी थांबली नव्हती

घाटातल्या रेल्वेच्या एका सांधेवाल्यावर अन्याय झाला. कधी झाला तेही सांगतो, कारण आपल्याकडे अन्याय मोघम सांगितले जातात आणि मोघम गोष्टीची दाद कोणी घेत नाही. घाटात विजेची इंजिनं आली, त्यानंतरचा दुसरा भाद्रपद. गौरी पाण्यात गेल्या त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी साडेनऊला खंडाळ्याच्या खाली एक गाडी सरळ रस्ता सोडून साइडिंगवर चढली. पण अन्याय तेव्हा झाला नाही. तो सर्वपित्री अमावास्येच्या आदल्या दिवशी झाला, दुपारी तीन ते सव्वातीन, लोणावळा स्टेशनातल्या एका खोलीत, हिरव्या कापडाच्या टेबलापाशी. त्या पंधरा मिनिटांत एका माणसाची सगळ्या जन्माची चाकरी 'हलगर्जी' ठरली. मी तेव्हा बाहेर फलाटावरच्या बाकावर बसलो होतो. सगळं माझ्या सांगण्याप्रमाणे चाललंय, अशी माझी समजूत होती.

त्यांचं नाव मी लिहिणार नाही. भीती मला नाही. पण त्यांचा मुलगा घोरावाडी स्टेशनात कामाला आहे, आणि बापाच्या नावावरून मुलाला कसं छळायचं हे रेल्वेच्या वरिष्ठांना शिकवावं लागत नाही. आम्ही सगळे त्यांना आबा म्हणायचो. तुम्हीही म्हणा.

आबा आठवायचे म्हणजे मला आधी त्यांचा डावा हात आठवतो. तळवा समोर, बोटं जुळलेली, कोपर अंगाशी. उजव्या हातात झेंडी किंवा सांध्याचा दांडा असायचा, म्हणून माणसांना थांबवायचं काम डाव्याकडे. आणि हाताच्या मागून शब्द यायचे, "आदी थांबा. मंग बोला."

मी पहिल्यांदा गेलो तेव्हा पुण्याहून नुकता परत आलो होतो. काखेत पत्रकांचा गठ्ठा, डोक्यात जग बदलायची घाई. खंडाळ्याकडून रुळाच्या कडेकडेने उतरत त्यांच्या खोपटापाशी पोचलो, तर दहा पावलांवरूनच तो तळवा वर झाला.

"मी लोणावळ्याचा, रेल्वे कामगारांसाठी—"

"आदी थांबा. मंग बोला."

थांबलो. त्यांनी मला इंजिनाकडे बघतात तसं खालपासून वरपर्यंत पाहिलं.

"पळत आला का चालत?"

"चालत."

"मंग धाप कशापायी? हितं या. पानी प्या. पत्रक मंग."

पाणी झालं. त्यांना वाचता येत नव्हतं, म्हणून म्हणाले, "वाचून दावा." मी खड्या आवाजात सुरू केलं, "कामगार बंधूंनो, झोपेतून जागे व्हा."

आबांनी हात वर केला. "ही वळ कुनासाटी लिवली? आमी झोपलो तर गाडी दरीत जाईल."

पुढच्या पत्रकातून ती ओळ मी काढून टाकली. तेव्हापासून त्यांनी माझं नाव 'पत्रकवाले' ठेवलं. वयाने मी त्यांच्या मुलाएवढा, पण ते मला कायम 'तुमी' म्हणायचे.

आता त्यांचं काम काय होतं, ते नीट सांगतो. घाटातून तुम्ही शंभरदा गेला असाल, पण खिडकीतून धबधबे बघितले असतील. हे बघितलं नसेल. उतारावर ठरावीक ठिकाणी मुख्य रस्त्याला एक फाटा आहे. हा फाटा उतरत नाही, उलट चढतो, आणि पुढे वाळूत जाऊन संपतो. कागदावर त्याला कॅच साइडिंग म्हणतात, घाटातली माणसं नुसतं साइडिंग म्हणतात. ब्रेक निसटलेली गाडी त्यावर चढावी, दमावी आणि वाळूत रुतून थांबावी, म्हणून ती बांधली. आणि ऐका, मुद्दा हा आहे. तिथला सांधा नेहमी साइडिंगकडे लावलेला असतो. मुख्य रस्ता बंद. उतरणाऱ्या गाडीने आधी पूर्ण थांबायचं, मग शिट्टी द्यायची. गाडी थांबलेली डोळ्यांनी बघितल्यावर सांधेवाला दांडा ओढतो आणि रस्ता देतो. एवढ्यासाठी तिथे माणूस ठेवला आहे.

"ह्यो नेम रेल्वे कंपनीनं केला म्हंत्यात," आबा म्हणायचे. "आमचा आज्जा कंपनीच्या आदीपासून पाळीत हुता."

त्यांचं गाव कुरवंडे. आज नागफणीच्या कड्यासाठी लोक तिकडे जातात, पण रेल्वे यायच्या आधी कोकणात उतरायची वाट त्याच गावातून होती. आबांच्या आज्ज्याचे ओझ्याचे बैल होते. तांदूळ घेऊन खाली, मीठ घेऊन वर. वाटेत एक वळण असं अरुंद, की समोरासमोर दोन तांडे आले तर एक दरीत. तिथे पुढचा गडी बैल उभे करायचा आणि मग खाली हाळी द्यायचा. खालून जाब आला तर थांबून राहायचं, नाही आला तर उतरायचं.

"बैल उभं केल्याबिगर हाळी द्यायची न्हाई," आबा सांगायचे. "चालत्या बैलाच्या घंट्या वाजत्यात. त्यात खालचा जाब ऐकू येत न्हाई. ज्येला ऐकू येत न्हाई त्येनं उतरू ने."

रेल्वे आली आणि मीठ वाघिणीतून वर यायला लागलं. बैल विकले. ज्या डोंगरावरून आज्जा बैल हाकायचा, त्याच डोंगराची माती तो पाटीने वाहायला लागला. त्याचा भाऊ त्या कामावर पटकीने गेला. कुठे पुरलं तेही घरच्यांना कळलं नाही. बाप रुळांच्या गँगमध्ये राबला, आबा सांध्यावर उभे राहिले. आमच्या एका पत्रकात मी याला 'तीन पिढ्यांच्या शोषणाची परंपरा' असं म्हटलं होतं. आबांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "परंपरा कसली, पत्रकवाले. उतार हाय तितं मानूस लागनारच. फकस्त त्या मानसाचं ऐकावं."

हे वाक्य पत्रकात घालायला हवं होतं. मी 'परंपरा' ठेवली.

लोणावळ्याच्या रेल्वे चाळीत त्यांची दोन खोल्यांची जागा होती. त्या चाळीची एक वेगळीच जात होती. एका बाजूला गोव्याचा फायरमन, दुसऱ्या बाजूला कर्जतकडचा मुसलमान ब्रेकवाला, पलीकडे औंढ्याची, वलवणची, कोकणातली माणसं. घड्याळ कुणाकडे नव्हतं. मागून ढकलणारी दोन इंजिनं लावून मालगाडी घाट चढून आली, की बाया भात चुलीवर ठेवायच्या. विजेची इंजिनं आली आणि कोळसेवाल्यांची गरज संपली. चाळीतल्या किती खोल्या एका वर्षात रिकाम्या झाल्या ते मी पाहिलं आहे. गोव्याचा फायरमन जाताना व्हायोलिन काखेत धरून, सगळ्यांच्या पाया पडून गेला.

आबांच्या बायकोला मी मावशी म्हणायचो. मावशीची जीभ धारदार. "ह्यांनी घरात बी सांदा लावलाय," ती म्हणायची. "मी काय सांगाया गेले की हात वर. आदी थांब, मंग बोल. तवर भाकर करपती." लेकीच्या लग्नात वरात वाजतगाजत उतारावरून मांडवाकडे आली, तर आबांनी सगळ्यांच्या पुढे जाऊन तळवा दाखवला. वाजंत्री थांबली, घोडा थांबला, नवरदेव घाबरला. आबा म्हणाले, "आता या." व्याह्यांना हा अपमान वाटला. मावशीने विहिणीला सांगून टाकलं, "राग धरू नगा. इंजान असतं तरी ह्यांनी ह्येच केलं असतं."

एकदा एक जुना साहेब ट्रॉलीवरून रूळ तपासत उतरत होता. मागे चार ट्रॉलीवाले, वर साहेब, डोक्यावर हॅट, तोंडात पाइप. साहेबाने हात हलवला, म्हणजे रस्ता दे. आबांनीही हात वर केला, म्हणजे थांब. ट्रॉली थांबली नाही. ती साइडिंगवर चढली आणि वाळूत जाऊन हळूच कलली. हॅट एकीकडे, साहेब एकीकडे. ट्रॉलीवाल्यांना वाटलं, आता आबांची नोकरी गेली. साहेब उठला, पँट झटकली, सांध्यापाशी आला, दांडा बघितला आणि मोडक्या हिंदीत विचारलं, "हमको पहचाना नहीं?"

"वळकलं," आबा म्हणाले. "पन थांबला न्हाईत."

त्या साहेबाने आठ दिवसांनी एक चिठ्ठी पाठवली. इंग्रजीत दोन ओळी, 'नियम पाळणारा माणूस' अशा अर्थाच्या. आबांनी ती काचेत बसवून खोपटात टांगली. अक्षर ओळखत नसतानाही ते पाहुण्यांना ती बरोबर सुलटी धरून दाखवायचे. हे मी मुद्दाम सांगतोय. एका साहेबाने ज्या कामासाठी चिठ्ठी दिली, दुसऱ्या साहेबाने त्याच कामासाठी हाकललं. मधल्या काळात नियम बदलला नव्हता. इंजिन बदललं होतं.

विजेच्या इंजिनाबरोबर नवे ड्रायव्हर आले आणि एक नवी ऐट आली. इंजिनाचाच जोर गाडीला उतारावर धरून ठेवतो, थांबायची गरज काय, असं ते म्हणायचे. वळणाआडून शिट्टी देत हळूहळू यायचे, आणि सांधेवाल्याने आधीच दांडा ओढून ठेवावा अशी अपेक्षा करायचे. उतारूंनाही तेच हवं होतं. रोजची दोन मिनिटं वाचत होती. घाटातले बाकीचे सांधेवाले एकेक करून वाकले. आबा वाकले नाहीत.

"बटन दाबलं की गाडी उभी ऱ्हाती म्हंत्यात," ते मला म्हणाले.

"कोण म्हणतं?"

"डायवर. दाबून मातुर दावत न्हाईत."

तोंडी तंबी आली, गाड्यांना उशीर होतो, शिट्टी आली की रस्ता देत जा. आबांनी उलट निरोप पाठवला, "लिवून द्या." लिहून कोणी दिलं नाही. मला तेव्हा हर्ष झाला होता. यावर एक झणझणीत पत्रक निघेल म्हणून मी दोन दिवस मजकूर जुळवत बसलो. आबांना हर्ष वगैरे काही नव्हता. ते म्हणाले, "जी गाडी थांबून दावत न्हाई, तिला बिरेक हाय का न्हाई हे मला कसं कळावं? डायवरला तरी कसं कळावं?"

त्या सकाळी घाटात धुकं होतं. पुढचं आबांनी सांगितलं तसं सांगतो.

शिट्टी वळणाआडून आली. मागोमाग गाडी दिसली. ती कर्जतकडे उतरणारी सकाळची उतारूंची गाडी होती. वेग फार नव्हता, पण चाकं फिरत होती. आबांनी तळवा दाखवला. परत शिट्टी झाली. चाकं फिरतच होती.

"हात दांड्यावर हुता," आबा म्हणाले. "येका झटक्याचं काम. येकदा वाटलं, द्यावा रस्ता, आत मानसं हायती. मंग वाटलं, आत मानसं हायती म्हनूनच द्यायचा न्हाई."

दिला नाही. गाडी साइडिंगवर चढली आणि वाळूत रुतली. पुढच्या डब्याची दोन चाकं रुळावरून उतरली. पहिल्या वर्गातल्या एका साहेबाचं मनगट मोडलं, बऱ्याच जणांना खरचटलं, एकाचं तूप सांडलं. मेलं कोणी नाही. ती गाडी खाली स्वतःच्या बळावर थांबली असती का? माहीत नाही. त्या गाडीचे ब्रेक त्या दिवशी कोणी तपासले का? कागदावर तरी तसं काही नाही.

उतारू खाली उतरले आणि आबांवर तुटून पडले. झोपला होतास का, दारू प्यालास का, वगैरे. आबांनी खोपटातला माठ बाहेर आणून ठेवला, सगळ्यांना पाणी दिलं. एक गृहस्थ मात्र खोपटाच्या दगडावर टेकले. काळा कोट, लांब दांड्याची काळी छत्री, चांदीच्या साखळीचं घड्याळ. दोन तांबे पाणी प्याले आणि सोबत्याला म्हणाले, "रोज इथे किती वेळ खोळंबतो ते मी घड्याळ लावून बघत असतो. आजही काढूनच बसलो होतो. आज थांबलीच नाही हो."

हे गृहस्थ लक्षात ठेवा.

बारा-चौदा दिवसांनी चौकशीची तारीख कळली. आता मी काय केलं, तेही लिहायला पाहिजे. दुसऱ्यांची पापं छापून आणणाऱ्याने आपलं झाकून ठेवू नये.

मी चाळीत जाऊन बसलो आणि आबांना शिकवलं. पुण्यात आम्हाला सभांतून हेच शिकवलेलं, साहेबापुढे जास्त बोलायचं नाही. "आबा, विचारतील तेवढंच सांगा. एक शब्द जास्त नाही. जास्त बोललात की त्यातलाच शब्द धरून अडकवतात." मी साहेब झालो, प्रश्न विचारले, त्यांच्याकडून घोकून घेतलं. ते मान डोलावत होते. "इचारतील तेवढंच."

मावशी पीठ चाळत होती. चाळणी न थांबवता म्हणाली, "आन् इचारलंच न्हाई तर?"

मी हसलो. "मावशी, गाडी थांबली होती का, हा मुद्द्याचा प्रश्न. तो विचारणार नाहीत असं होईल का?"

चौकशीचा तो कागद पुढे मी एका कारकुनाकडून मिळवून वाचला. साहेब इंग्रजीत विचारायचा, कारकून मराठीत, आणि उत्तर परत इंग्रजीत उतरायचं. चार प्रश्न होते. त्या सकाळी कामावर तू होतास? व्हय. सांधा साइडिंगकडे होता? व्हय. ड्रायव्हरची शिट्टी ऐकलीस? व्हय. ऐकल्यावर सांधा फिरवलास? न्हाई.

चौथ्या उत्तराखाली अंगठा. बाजूला ड्रायव्हरचा जबाब जोडला होता की मी गाडी थांबवली, शिट्टी दिली, सांधेवाल्याने रस्ता दिला नाही. गार्डाने म्हटलं होतं, धुकं होतं, नक्की आठवत नाही.

आबा बाहेर आले आणि बाकावर माझ्या शेजारी बसले. टोपी काढून गुडघ्यावर ठेवली.

"काय काय विचारलं?"

त्यांनी चारही प्रश्न सांगितले.

"आणि गाडी थांबली होती का, हे?"

"त्ये इचारलंच न्हाई."

"मग तुम्ही सांगितलं नाहीत?"

आबांनी माझ्याकडे बघितलं. त्या बघण्यात राग असता तर मला सोपं गेलं असतं. "तुमीच म्हनला हुता," ते म्हणाले. "मी वाट बघत हुतो. म्हनलं, आता इचारतील. मंग त्यांनी कागूदच पुढं केला."

मला समजायला थोडा वेळ लागला. हा माणूस उभ्या आयुष्यात योग्य खूण मिळेपर्यंत दांड्याला झटका न देणारा. मी त्याला सांगितलं की प्रश्न येईपर्यंत बोलू नका. तो थांबला. प्रश्न आला नाही, म्हणून सांधा फिरला नाही. दुसरा कोणी असता तर माझा उपदेश दारातच विसरून बोंब मारून मोकळा झाला असता. आबांनी तो नियम म्हणून पाळला.

समोरून एक मालगाडी सुटत होती. ती जाईपर्यंत आबा तिची चाकं बघत होते. मग ते म्हणाले, "तू शिट्टी दिलीस, बाबा. पन थांबला न्हाईस."

त्या दिवशी पहिल्यांदा त्यांनी मला 'तू' म्हटलं. मी ते जपून ठेवलं आहे.

पुढचा कार्यक्रम ठरलेला होता. नोकरी गेली, चाळीतली जागा गेली, दाखल्यावर 'हलगर्जी' हा शब्द चढला. मी आबांच्या नावाने फेरचौकशीचे अर्ज केले. उत्तर आलं, गाडी थांबली नव्हती असं सांगणारा साक्षीदार आणा. म्हणून मी साक्षीदार शोधायला निघालो. गाडीभर माणसं होती. लोणावळ्यात, खंडाळ्यात, तळेगावात मी दारं ठोठावली. कोणी म्हणालं, मी डोळे मिटून बसलो होतो. कोणी म्हणालं, मी वर्तमानपत्र वाचत होतो. एक शिक्षक म्हणाले, "खरं आहे हो तुमचं, पण मुलाचा रेल्वेत अर्ज टाकलाय." एक वकील मला दारापर्यंत पोचवायला आले आणि म्हणाले, "तरुण आहात, चांगलं काम करताय." सही कोणी केली नाही.

एकच साक्ष मिळाली. औंढ्याची, काकड्यांची पाटी घेऊन कर्जतला जाणारी बाई. ती म्हणाली, "थांबली असती तर माझी पाटी कशाला सांडली असती? लिवा. कुटं अंगठा द्यायचा?" दिला. कचेरीचं उत्तर आलं. घड्याळ नसलेल्या, निरक्षर स्त्रीचं या बाबतीतलं सांगणं विश्वासार्ह मानता येत नाही. पाटी सांडते की नाही हे कळायला घड्याळ कशाला लागतं, असं मी परत लिहिलं. त्याला उत्तर आलं नाही.

आबांनी नोकरी परत मागितली नाही. त्यांचं मागणं एकच होतं. "त्यो शबुद काडा. पोराला कामावर बी लोक म्हनत्यात, हलगर्ज्याचा ल्योक. मी काय बी असन, हलगर्जी न्हाई." दर वेळी मी गेलो की पहिला प्रश्न तोच, "काडला?" मी नाही म्हणायचो. ते म्हणायचे, "बरं. पानी प्या."

कुरवंड्याला घरामागे एक सपाट कातळ आहे. तिथून समोर घाटातले रूळ दिसतात. ज्या साइडिंगवर आबा उभे राहिले, तीही दिसते, बोटाएवढी. सकाळी गुरं सोडून झाली की आबा तिथे येऊन बसायचे. गाडी वळणावर आली की डावा हात वर. तळवा समोर. गाडी साइडिंगपाशी थांबली तर उजवा हात हवेतला दांडा ओढायचा आणि डावा खाली यायचा. गावातली माणसं पहिल्यांदा हसली, मग सवय झाली. मावशी म्हणायची, "तितनं त्यास्नी कोन बघतंय?" आबा म्हणायचे, "मी बघतोय न्हवं."

मी शेवटचा गेलो तेव्हा माघ होता. हवा स्वच्छ होती. आबा वाळले होते, घोंगडी खांद्यावरून घसरत होती. मी शेजारी बसलो. त्यांनी 'काडला?' विचारलं नाही. माझ्या तोंडावरून त्यांना कळलं असावं.

गाडी वळणावर आली. हात वर झाला. लांबून शिट्टी ऐकू आली. गाडी थांबली नाही. खालच्या माणसाने आधीच रस्ता दिलेला होता. आबांचा हात वरच राहिला. गाडी साइडिंग ओलांडून गेली, बोगद्यात शिरली, शेवटचा डबा आत गेला, तरी हात वर. मग मी तो हळूच धरून खाली घेतला. हात थंड होता आणि तळव्याला घट्टे होते.

"रोज अशीच?" मी विचारलं.

"रोज," ते म्हणाले.

होळीच्या आधी आबा गेले. अर्ज केलेला इसम मयत असल्याने प्रकरण निकालात काढलं, असा कागद मला आला. दाखल्यावरचा शब्द तसाच राहिला. कातळ रिकामा आहे. मी अधूनमधून जाऊन बसतो. मावशी पाणी आणून देते.

आबांच्या जागी आज जो माणूस उभा आहे, त्याला मी दोष देत नाही. त्याला तीन पोरं आहेत आणि आबांची भांडीकुंडी चाळीतून निघताना त्याने स्वतः बघितली आहेत. शिट्टी आली की तो रस्ता देतो. इसम मयत आहे, उतार मयत झालेला नाही. आणि त्या उतारावरून रोज तुम्ही जाता. दोन मिनिटं वाचवून.

आता मी तुमच्याशी बोलतोय. त्या सकाळी त्या गाडीत तुम्ही होता. सगळे नाही, पण तुमच्यापैकी काही जण नक्की होते, कारण हे वाचणारेच वरच्या वर्गातून प्रवास करतात. काळा कोट, लांब छत्री, चांदीच्या साखळीचं घड्याळ असलेले गृहस्थहो, तुम्ही त्यांच्या दगडावर बसलात, त्यांच्या माठातलं दोन तांबे पाणी प्यालात. तुमच्याकडे घड्याळ होतं. तुम्हाला लिहिता येतं. तुमचं सांगणं विश्वासार्ह मानतात.

मुलाच्या नोकरीचं नंतर बघा, ओळखीपाळखीचं नंतर बघा. हे पान खाली ठेवा, कागद घ्या आणि त्यावर एकच ओळ लिहा, 'गाडी थांबली नव्हती.' खाली सही करा, आणि लोणावळ्याला आमच्या कामगारांच्या वाचनालयात आणून द्या.